वाचकांचे प्रश्न : ५० मीटर मुक्तशैली आणि शतांश सेकंद

जलतरणाविषयी प्रश्न पाठवावेत, असे आवाहन या सदरातून केले होते. आलेली बहुतेक पत्रे पुरुषांच्या ५० आणि १०० मीटर मुक्तशैली शर्यतींविषयी असल्यामुळे या वेळचे सदर त्याच विषयाला दिले आहे.

प्रश्न : दोहा येथील जागतिक अजिंक्यपद स्पर्धेतील पुरुषांची ५० मीटर मुक्तशैलीची अंतिम शर्यत नातवाने मला मोबाइलवर दाखविली. पहिले दोघे एकाच क्षणी भिंतीला लागल्यासारखे दिसतात, तरीही निकाल क्षणार्धात फलकावर येतो. हा निकाल कशाच्या आधारे लागतो? आणि घड्याळे इतकी अचूक झाली असताना वेळ शतांश सेकंदापर्यंतच का मोजतात?
— एक ज्येष्ठ वाचक, रामबाग, इंदूर

उत्तर : आपण पाहिलेली शर्यत फेब्रुवारी २०२४ मधील आहे. युक्रेनच्या व्लादिस्लाव बुखोवने ती २१.४४ सेकंदांत जिंकली, ऑस्ट्रेलियाच्या कॅमेरॉन मॅकएव्हॉयला २१.४५ सेकंद लागले आणि ब्रिटनचा बेन प्राउड २१.५३ सेकंदांसह तिसरा आला. विजेत्याचा सरासरी वेग सेकंदाला सुमारे २.३३ मीटर पडतो. शर्यतीच्या अखेरीस वेग थोडा उतरलेला असतो, हे लक्षात घेतले तर पहिल्या दोघांमधील अंतर जेमतेम दोन सेंटीमीटरांचे होते. इतके अंतर, तेही उसळलेल्या पाण्यात, आपल्याला दिसले नाही यात नवल काहीच नाही.

निकाल लागतो तो भिंतीवर बसविलेल्या टचपॅडवरून. सुमारे २.४ मीटर रुंद, ९० सेंटीमीटर उंच आणि साधारण एक सेंटीमीटर जाडीची ही पट्टी प्रत्येक लेनच्या टोकाला काही भाग पाण्यावर आणि बराचसा भाग पाण्याखाली राहील अशी लावलेली असते. लाटांच्या धक्क्याने ती चालत नाही. जलतरणपटूच्या हाताचा ठाम दाब पडला की त्या लेनचे घड्याळ थांबते. पट्टीने ऐन वेळी दगा दिला तर अडचण नको म्हणून काठावरचे वेळाधिकारीही बटण दाबतात, परंतु पट्टी नीट चालली असेल तर तिचीच वेळ ग्राह्य धरली जाते.

ही व्यवस्था रूढ होण्यामागे १९६० च्या रोम ऑलिंपिकमधील पुरुषांच्या १०० मीटर मुक्तशैलीचा मोठा वाटा आहे. त्या शर्यतीत ऑस्ट्रेलियाचा जॉन डेविट आणि अमेरिकेचा लान्स लार्सन जवळजवळ एकदमच भिंतीला लागले. तीन वेळाधिकाऱ्यांच्या घड्याळांनी लार्सनची वेळ ५५.०, ५५.१ आणि ५५.१ सेकंद दाखविली, तर डेविटची वेळ तिघांच्याही घड्याळांत ५५.२ सेकंद होती. क्रमांक ठरविणाऱ्या पंचांची मते मात्र समसमान विभागली गेली आणि शेवटी मुख्य पंचांच्या निर्णयाने सुवर्णपदक डेविटला मिळाले. लार्सनची अधिकृत वेळ बदलून ५५.२ अशी नोंदविण्यात आली. अमेरिकेने केलेली अपिले फेटाळली गेली. तिन्ही घड्याळे एका बाजूला असताना डोळ्यांवर विश्वास ठेवणारा तो निर्णय मला अन्यायाचाच वाटतो, आणि त्यात डेविटचा काडीचाही दोष नव्हता, हेही तितकेच खरे. पुढे १९६७ मध्ये विनिपेगच्या पॅन-अमेरिकन स्पर्धेत टचपॅड वापरले गेले आणि १९६८ च्या मेक्सिको ऑलिंपिकपासून ते तिथेही आले.

आता आपल्या प्रश्नाचा दुसरा भाग. सहस्रांश सेकंद मोजण्याचा प्रयोग होऊन गेला आहे. १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये ४०० मीटर वैयक्तिक मिडलेत, म्हणजे बटरफ्लाय, बॅकस्ट्रोक, ब्रेस्टस्ट्रोक आणि मुक्तशैली हे चारही प्रकार एकट्याने पोहण्याच्या शर्यतीत, स्वीडनचा गुन्नार लार्सन आणि अमेरिकेचा टिम मॅकी या दोघांचीही वेळ ४ मिनिटे ३१.९८ सेकंद भरली. तेव्हा तिसरा दशांश पाहण्यात आला आणि ०.००२ सेकंदाच्या फरकाने लार्सनला सुवर्णपदक देण्यात आले. त्यानंतर आंतरराष्ट्रीय महासंघाने हा प्रकार बंद केला, आणि त्यामागचे कारण मोठे सयुक्तिक आहे. ५० मीटरच्या शर्यतीत एका सहस्रांश सेकंदात पोहणारा साधारण दोन मिलिमीटर पुढे सरकतो. तलाव मात्र काँक्रीटचा आणि फरशीचा असतो. कितीही काळजी घेतली तरी एका लेनची लांबी शेजारच्या लेनपेक्षा काही मिलिमीटरांनी कमी-जास्त भरतेच, आणि तेवढा फरक राहू देण्याची मुभा नियमांतही आहे. म्हणजे सहस्रांशाच्या आधारे पदक दिले तर ते कदाचित वेगाला न मिळता गवंड्याच्या हाताला मिळेल. धावण्याच्या शर्यतीत सगळ्यांसाठी समाप्तीची रेषा एकच असल्यामुळे तिथे सहस्रांशाला अर्थ असतो. जलतरणात प्रत्येकाची भिंत निराळी असते.

म्हणूनच शतांशापर्यंत बरोबरी झाली तर ती बरोबरीच मानतात. २००० च्या सिडनी ऑलिंपिकमध्ये पुरुषांच्या ५० मीटर मुक्तशैलीत अमेरिकेचे अँथनी अर्विन आणि गॅरी हॉल ज्युनियर हे दोघेही २१.९८ सेकंदांत पोहोचले. दोघांनाही सुवर्णपदक देण्यात आले, रौप्यपदक कोणालाच मिळाले नाही आणि पुढचा जलतरणपटू कांस्यपदकाचा मानकरी ठरला.

याच शतांशाने आपल्या एका माणसाला फार मोठा चटका लावला आहे, आणि तो सांगितल्यावाचून मला राहवत नाही. २०१८ च्या जकार्ता आशियाई क्रीडा स्पर्धेत कोल्हापूरच्या वीरधवल खाडेने ५० मीटर मुक्तशैलीच्या प्राथमिक फेरीत २२.४३ सेकंदांचा नवा राष्ट्रीय विक्रम केला. अंतिम शर्यतीत त्याची वेळ २२.४७ झाली आणि जपानच्या शुनइची नाकाओने २२.४६ सेकंदांत कांस्यपदक घेतले. प्राथमिक फेरीतली वेळ अंतिम शर्यतीत पुन्हा आली असती तर पदक वीरधवलचे होते. २००८ मध्ये सोळाव्या वर्षी बीजिंग ऑलिंपिकला गेलेल्या, २०१० च्या ग्वांगझू आशियाई स्पर्धेत ५० मीटर बटरफ्लायमध्ये कांस्यपदक मिळवून भारताचा जलतरणातला चोवीस वर्षांचा दुष्काळ संपविणाऱ्या आणि नंतर तहसीलदार म्हणून नोकरी सांभाळून पुन्हा पाण्यात उतरलेल्या या जलतरणपटूची ती शर्यत आपल्या नातवाला जरूर दाखवा.

प्रश्न : सर्वांत वेगवान जलतरणपटूंना नेहमी मधल्याच लेन का देतात? कडेच्या लेनमधून कोणी जिंकते का?
— एक विद्यार्थी वाचक, देवास

उत्तर : आधीच्या फेरीतील वेळेनुसार लेन मिळतात. आठ लेनमध्ये सर्वांत वेगवानाला ४ क्रमांकाची लेन, मग अनुक्रमे ५, ३, ६, २, ७, १ आणि ८ अशी वाटणी होते. मधल्या लेनमधून दोन्ही बाजूंचे प्रतिस्पर्धी दिसतात आणि कडेच्या भिंतीवरून परतणाऱ्या लाटांचा त्रास तिथे कमी होतो. ५० मीटरमध्ये मात्र बाजूला पाहायला सवडच नसते, त्यामुळे या शर्यतीत कडेच्या लेनचा तोटा मला फारसा वाटत नाही. २०१२ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये फ्रान्सच्या फ्लोरां मानोदूने ७ क्रमांकाच्या लेनमधून २१.३४ सेकंदांत सुवर्णपदक जिंकले होते.

प्रश्न : माझा मुलगा नेहरू पार्कच्या तरणतालात शिकतो. शर्यत संपवताना तो दर वेळी मान वर करून भिंत पाहतो आणि त्यावरून बोलणी खातो. भिंत न पाहता ती गाठायची तरी कशी? आणि एवढ्याशा गोष्टीने खरोखर फरक पडतो का?
— एक पालक वाचक, लोकमान्यनगर, इंदूर

उत्तर : पुष्कळ पडतो. मान वर उचलली की त्याच क्षणी कंबर आणि पाय खाली जातात, शरीर पाण्यात तिरके होते आणि पाण्याचा अडथळा वाढतो. ५० मीटरच्या स्पर्धेत अशा एका चुकीची किंमत काही शतांश सेकंदांची असते, आणि काही शतांश सेकंद म्हणजे काय, हे वरच्या उत्तरावरून ध्यानात आलेच असेल.

भिंत पाहण्याची गरज पडू नये अशी सोय तलावातच केलेली असते. स्पर्धेच्या तलावात तळाशी प्रत्येक लेनच्या मधोमध जी गडद रेघ असते, ती भिंतीच्या दोन मीटर अलीकडे संपते आणि तिच्या टोकाला आडवी रेघ मारलेली असते. लेनच्या दोरीवरील शेवटच्या पाच मीटरमधल्या तबकड्यांचा रंगही वेगळा असतो. मुलाने खाली पाहत पोहताना या आडव्या रेघेवर आल्यापासून भिंतीपर्यंत आपले किती हात पडतात, हे सरावात पुन्हा पुन्हा मोजावे. उंची वाढेल तसा हा हिशेब बदलतो, म्हणून तो दर काही महिन्यांनी तपासावा लागतो.

शेवटचा हात हा सगळ्यांत नाजूक असतो. खांदा कानाजवळून पुढे लोटायचा, शरीर किंचित कुशीवर वळू द्यायचे, बोटे ताठ ठेवून पट्टी पृष्ठभागाच्या थोडी खाली दाबायची, चेहरा पाण्यातच ठेवायचा आणि भिंत लागेपर्यंत पायांची लाथ थांबू द्यायची नाही. बहुतेक मुले पायच आधी थांबवतात आणि हात पुढे करून वाहत जातात. त्या दीड-दोन हातांच्या अंतरात शेजारचा पुढे निघून जातो. २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये १०० मीटर बटरफ्लायच्या अखेरीस सर्बियाचा मिलोराद चाविच असाच हात लांबवून भिंतीकडे सरकत राहिला, मायकेल फेल्प्सने मात्र आणखी एक आखूड हात मारला आणि ५०.५८ विरुद्ध ५०.५९ अशा फरकाने सुवर्णपदक नेले. ती शर्यत मुक्तशैलीची नव्हती, तरी धडा हाच आहे.

प्रश्न : २००९ मधले जलतरणाचे विक्रम इतकी वर्षे का टिकले? ते पोशाख खरोखरच इतके प्रभावी होते का?
— एक वाचक, महू

उत्तर : होय. २००८ मध्ये सर्वांगाला घट्ट बसणारे नवे पोशाख आले आणि २००९ मध्ये त्यांची जागा पॉलियुरेथेनच्या पोशाखांनी घेतली. हे पोशाख शरीर आवळून धरत, त्यांचा पृष्ठभाग पाण्याला कमी अडवी आणि त्यांत अडकलेल्या हवेमुळे शरीर थोडे वर तरंगे. २००९ च्या रोम जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत ४३ विश्वविक्रम झाले, यावरून काय चालले होते ते कळते. १ जानेवारी २०१० पासून फक्त विणलेल्या कापडाचे पोशाख, आणि पुरुषांसाठी तेही कंबरेपासून गुडघ्यापर्यंतच, असा नियम लागू झाला. ब्राझीलच्या सेझार सिएलोने ५० मीटर मुक्तशैलीचा २०.९१ सेकंदांचा विक्रम केला तो १८ डिसेंबर २००९ रोजी, म्हणजे बंदी येण्याच्या दोन आठवडे आधी. कापडी पोशाखात अमेरिकेचा केलेब ड्रेसेल २०१९ मध्ये २१.०४ पर्यंत आणि मॅकएव्हॉय २०२३ मध्ये २१.०६ पर्यंत पोहोचला, परंतु पॅरिस ऑलिंपिकलाही सिएलोचा विक्रम अबाधित होता.

१०० मीटरची गोष्ट निराळी झाली. सिएलोचा ४६.९१ सेकंदांचा विक्रम रोमच्याच तलावात २०२२ मध्ये रुमानियाच्या सतरा वर्षांच्या डेव्हिड पोपोविचीने ४६.८६ सेकंदांची वेळ देऊन मोडला. चीनच्या पान झानलेने तो आधी ४६.८० वर आणि पॅरिसमध्ये थेट ४६.४० वर आणला. पॅरिसचा तलाव उथळ असल्यामुळे संथ आहे, अशी कुरबुर त्या आठवड्यात सर्वत्र चालली होती. त्याच पाण्यात पानने दुसऱ्या क्रमांकाच्या काइल चाल्मर्सला १.०८ सेकंदांनी मागे टाकले. १०० मीटरमध्ये वळणावर भिंतीला लाथ मारून पाण्याखालून वेग घेता येतो आणि दुसऱ्या ५० मीटरमध्ये प्रतिस्पर्धी दमतात, म्हणून इतके अंतर पडू शकते. ५० मीटरमध्ये एवढे अंतर पाडायला जागाच नसते, आणि मला वाटते, तिथला विक्रम अधिक चिवट ठरला त्याचे कारणही हेच आहे.

प्रश्न : माझा तेरा वर्षांचा भाचा चपळ आहे. त्याने आत्तापासून फक्त ५० मीटरचाच सराव करावा, असे घरातील काही जणांचे म्हणणे आहे. इंदूरच्या अद्वैत पागेने लांब पल्ल्यात नाव कमावले, म्हणून काही जण १५०० मीटरचा आग्रह धरतात. आम्ही कोणाचे ऐकावे?
— एक वाचक, सुदामानगर, इंदूर

उत्तर : तूर्त दोघांचेही ऐकू नये. तेराव्या वर्षी मुलाची उंची, हातापायांची लांबी आणि स्नायूंची घडण यांतले काहीही ठरलेले नसते. अद्वैतने ८०० आणि १५०० मीटर मुक्तशैलीत देशपातळीवर जे मिळविले, त्याचा आपल्या शहराला अभिमान आहेच. पण तो पल्ला त्याच्या शरीराला आणि स्वभावाला मानवला, म्हणून तो आपल्या भाच्याला मानवेल असे नाही.

कमी अंतराचे जलतरणपटू उशिरा पिकतात, हे घरातील सर्वांना सांगावे. पॅरिसमध्ये ५० मीटरचे सुवर्णपदक २१.२५ सेकंदांत जिंकणारा मॅकएव्हॉय तेव्हा तीस वर्षांचा होता, रौप्यपदक मिळविणारा बेन प्राउड एकोणतीस वर्षांचा आणि कांस्यपदकाचा मानकरी मानोदू तेहतीस वर्षांचा होता. वर उल्लेखिलेल्या अर्विनने सिडनीनंतर सोळा वर्षांनी, पस्तिसाव्या वर्षी, रिओ ऑलिंपिकमध्ये २१.४० सेकंदांत हेच सुवर्णपदक पुन्हा जिंकले. त्या वेळी मानोदू २१.४१ सेकंदांसह दुसरा होता.

मॅकएव्हॉयचे उदाहरण अलीकडे फार दिले जाते आणि बहुतेक वेळा अर्धवट दिले जाते. २०१६ मध्ये १०० मीटर ४७.०४ सेकंदांत पोहून तो रिओला गेला खरा, पण अंतिम शर्यतीत सातवा आला. टोकियो ऑलिंपिकनंतर त्याने काही काळ विश्रांती घेतली, आणि परतल्यावर आठवड्याला तीसेक किलोमीटर पोहण्याची जुनी रीत सोडून पाण्यातले अंतर अगदी थोडक्यावर आणले. त्याऐवजी वजनांचा व्यायाम आणि पूर्ण वेगाने मारलेल्या छोट्या फेऱ्या यांवर त्याने भर दिला. भौतिकशास्त्राचा विद्यार्थी असल्यामुळे आपल्या सरावाकडे त्याने प्रयोग म्हणून पाहिले. त्याचे फळ त्याला मिळाले, परंतु थोडे पोहून तो जगज्जेता झाला असे म्हणणाऱ्यांनी त्याआधी त्याने वर्षानुवर्षे पोहून काढलेले किलोमीटर विसरू नयेत. हात पाण्यात कसा शिरतो, पाणी कसे धरतो, शरीर कसे सरळ राहते, हे सगळे त्या किलोमीटरांतच त्याच्या अंगवळणी पडले होते.

तेव्हा भाच्याने सध्या चारही प्रकार पोहावेत, २०० आणि ४०० मीटरच्या शर्यतीही द्याव्यात आणि आठवड्यातून दोन-तीन वेळा ताजेतवाने असताना १५ मीटरच्या पूर्ण वेगाच्या फेऱ्या माराव्यात. हे अंतर मुद्दाम सांगतो. उडी घेतल्यानंतर पाण्याखालून जास्तीत जास्त १५ मीटरपर्यंतच जाता येते, तोवर डोके पाण्याबाहेर यावेच लागते, आणि ५० मीटरच्या शर्यतीचा हा जवळजवळ तिसरा हिस्सा अव्वल पुरुष जलतरणपटू पाच-साडेपाच सेकंदांत पार करतात. ज्याची उडी आणि पाण्याखालची लाथ कच्ची, त्याला उरलेल्या ३५ मीटरमध्ये ती तूट भरून काढणे फार अवघड जाते. वजने उचलण्याची घाई मात्र अजिबात करू नये. या वयात स्वतःच्या शरीराच्या वजनाचे व्यायाम पुरेसे आहेत. पल्ला कोणता, हा निर्णय सोळाव्या-सतराव्या वर्षी त्याच्या प्रशिक्षकाने आणि त्याने मिळून घ्यावा.

प्रश्न : ५० मीटर पोहताना हे लोक श्वासच घेत नाहीत, असे ऐकले. माझी दोन्ही मुले आता तलावात दम रोखून कोण जास्त वेळ राहतो, याची पैज लावतात. हे योग्य आहे का?
— एक पालक वाचक, राजेंद्रनगर, इंदूर

उत्तर : ऐकले ते बहुतांशी खरे आहे. अव्वल पुरुष जलतरणपटू ५० मीटरमध्ये एकदाही श्वास घेत नाहीत किंवा फार तर एखाद-दुसरा घेतात. श्वासासाठी मान वळविली की शरीराची रेषा मोडते आणि हातांची लय किंचित बिघडते. शिवाय वीस-बावीस सेकंदांच्या कामासाठी लागणारी बरीचशी ऊर्जा स्नायूंत आधीच साठलेली असते, त्यामुळे त्या वेळात घेतलेला प्राणवायू फारसा कामी येत नाही. १०० मीटरमध्ये हे चालत नाही. तिथे श्वास नियमित घ्यावा लागतो.

मुलांची पैज मात्र आजच बंद करा. श्वास घेण्याची तीव्र इच्छा होते ती मुख्यतः रक्तातील कार्बन डायऑक्साइड वाढल्यामुळे. मुले पाण्यात जाण्यापूर्वी भराभर खोल श्वास घेतात, तेव्हा प्राणवायूचा साठा फारसा वाढत नाही, पण कार्बन डायऑक्साइड बाहेर पडून जातो. त्यामुळे गुदमरल्याची जाणीव उशिरा होते आणि ती होण्याआधीच प्राणवायू कमी पडून मूल पाण्याखाली बेशुद्ध होऊ शकते. धडपड होत नाही, हाक येत नाही. काठावरच्या माणसाला वाटते की मूल खेळते आहे. हे कंबरभर पाण्यातही घडते आणि चांगले पोहणाऱ्यांच्या बाबतीतही घडते, किंबहुना अधिक घडते, कारण त्यांना पाण्याची भीती उरलेली नसते.

वर सांगितलेले जलतरणपटू वीस-बावीस सेकंद पृष्ठभागावर पोहतात, आठ जण एकत्र असतात आणि काठावर पंच व जीवरक्षक उभे असतात. पाण्याखाली बसून केलेल्या पैजेशी त्याचे काहीही साम्य नाही. मुलांना कमी श्वासात पोहायला शिकायचेच असेल तर ते प्रशिक्षकासमोर, पृष्ठभागावर पोहताना, १५ मीटरसारख्या छोट्या फेऱ्यांत आणि प्रत्येक फेरीनंतर पूर्ण विश्रांती घेऊन शिकावे. सुरुवातीला भराभर श्वास घ्यायचे नाहीत आणि वेळ मोजायची नाही, हे त्यांना ठामपणे सांगा, आणि त्यांच्या तलावावरील जीवरक्षकांनाही या पैजेची कल्पना देऊन ठेवा.